पिंपात डोकावताना: जपानची नीळ आणि सोलापूरचे निराळी

(सोलापुरात झालेल्या जाहीर व्याख्यानाचं हे शब्दांकन. बोलण्याच्या ओघातली भाषा शक्यतो तशीच ठेवली आहे.)



आजचा विषय आहे प्रवासात जपानी पद्धतीची नीळरंगाई स्वतः करून पाहणं. विषय वाचून काहींच्या मनात आलं असेल की सोलापुरात बसून जपानच्या रंगाच्या गोष्टी कशाला? ज्या गावाने पिढ्यान् पिढ्या सूत रंगवलं, चादरी आणि टॉवेल विणले, त्या गावाला रंगवण्याचं अप्रूप ते काय? शंका रास्त आहे. पण आम्ही काही जण जपानमधल्या त्या निळीच्या पिंपापाशी उभे राहिलो, तेव्हा आम्हालाही पहिली आठवण झाली ती आपल्याच गावाची. म्हणून आज जपानपासून सुरुवात करून सोलापुरात येऊ.

पानात निळा रंग नसतो

आधी मूळ गोष्ट समजून घेऊ, म्हणजे पुढचं सगळं सोपं जाईल. निळीचं झाड पाहिलं तर ते हिरवंगार असतं. पान हिरवं, देठ हिरवा. निळं काहीच नाही. पानात असतो तो एक बिनरंगाचा पदार्थ. पान पाण्यात भिजलं, कुजायला लागलं की तो फुटतो, त्याला हवा लागते आणि मग नीळ तयार होते.

नीळ तयार झाली, पण खरी अडचण इथेच सुरू होते. ही नीळ पाण्यात विरघळत नाही. साखर विरघळते, मीठ विरघळतं, वाळू विरघळत नाही. नीळ वाळूच्या जातीची. पाण्यात टाकली तर तळाशी जाऊन बसते. कापड त्यात कितीही वेळ ठेवलं, उकळलं, तरी धुतल्यावर रंग निघून जातो. हळद, मंजिष्ठ, आल किंवा करडईची फुलं यांचा रंग पाण्यात उतरतो. कापडाला तुरटी लावली की यातले बरेच रंग धरून राहतात. निळीला तुरटीचा काही उपयोग नाही.

मग जुन्या कारागिरांनी काय केलं? त्यांनी निळीतला निळेपणाच काही वेळापुरता काढून घेतला. पाण्यात चुना किंवा राखेचा खार घातला आणि त्या पाण्यातला प्राणवायू संपवला. तसं केलं की नीळ आपला रंग सोडते, पिवळसर हिरवी होते आणि विरघळते. अशा पाण्यात कापड बुडवलं की ती धाग्यात शिरते. बाहेर काढलं, वारा लागला की धाग्याच्या आतच ती पुन्हा निळी होते आणि पुन्हा न विरघळणारी होते. म्हणजे चोर घरात शिरला आणि आत गेल्यावर दार लागलं, तसं. त्यामुळे निळीचा रंग धुण्याला पक्का.

आता प्रश्न राहतो तो प्राणवायू काढायचा कोणी? आज कारखान्यात ते काम रसायन करतं. पूर्वी ते जिवाणू करायचे. म्हणजे पिंप आंबवायचं. तुम्ही म्हणाल, हे तर दह्यासारखं झालं. अगदी तसंच आहे. विरजण लागतं, ऊब लागते, खाणं लागतं आणि रोज लक्ष लागतं. थंडी पडली की पिंप मंदावतं, खार कमी झाला की नासतं, उपाशी राहिलं की थकतं. पिंप ही जिवंत वस्तू आहे. आजच्या व्याख्यानातलं एकच वाक्य घरी न्यायचं असेल तर हे न्या.

तोकुशिमातलं वर्षभराचं काम

जपानच्या चार मोठ्या बेटांपैकी सगळ्यात लहान शिकोकू. त्याच्या पूर्वेला तोकुशिमा जिल्हा. जुनं नाव आवा. ओसाकाहून बसने अडीच-तीन तासांत पोचता येतं, समुद्रावरचे मोठे पूल ओलांडून. याच बेटाच्या दुसऱ्या अंगाला इमाबारी नावाचं गाव आहे, ते टॉवेलसाठी जगात प्रसिद्ध. म्हणजे सोलापूरकराला त्या बेटावर अगदीच परकं वाटायचं कारण नाही!

जपानी भाषेत निळीला म्हणतात ‘आइ’. ऐकताना आपल्याला ‘आई’च ऐकू येतं, आणि आमच्यातल्या प्रत्येकाने तिथे तो विनोद एकदा तरी केला. नीळरंगाई म्हणजे ‘आइझोमे’.

तोकुशिमातच नीळ का रुजली, याचं कारण नदीत आहे. योशिनो नदीला पावसाळ्याच्या अखेरीस, वादळाच्या दिवसांत, मोठे पूर यायचे. त्या वेळी शेतात भात उभा असतो, तो वाहून जायचा. नीळ मात्र त्याआधी, ऐन उन्हाळ्यात कापून होते. शिवाय पुराने आणलेला गाळ पुढच्या पिकाला खत. म्हणजे जे संकट भातावर यायचं, तेच निळीला उपकारक ठरलं. सोलापूरचा शेतकरी हे गणित लगेच ओळखेल, कारण आपल्याकडेही पाऊस जे देईल त्यावरच पीक ठरतं. तिथे जास्त पाण्याने नीळ दिली, आपल्याकडे कमी पाण्याने ज्वारी आणि करडई दिली, एवढाच फरक.

तिथलं झाड आपल्या निळीचं नव्हे. आपली नीळ शेंगांच्या कुळातली, तूर-हरभऱ्याची लांबची भावकी. जपानची नीळ वेगळ्याच कुळातली आहे. पण दोन्हींच्या पानातून निघणारा निळा रंग एकच. रसायन तेच, झाड वेगळं.

पद्धतही वेगळी. आपल्याकडे पानं हौदात भिजवत, पाणी घुसळून त्याला हवा देत, तळाशी बसलेला गाळ दाबून त्याच्या वड्या पाडत. जपानी कारागीर पानं भिजवत नाहीत, मुरवतात. उन्हाळ्यात कापलेली पानं वाळवायची. शरद ऋतू लागला की एका खास कोठारात त्यांचा ढीग रचायचा, पाणी शिंपडायचं आणि ठरावीक दिवसांनी तो ढीग खालीवर करायचा. हे सुमारे १०० दिवस चालतं. ढीग आतून इतका तापतो की त्यातून वाफ येते, अमोनियाचा वास डोळ्यांत पाणी आणतो. थंडी वाढली की त्या ढिगावर गवताच्या चटया पांघरतात. त्या कोठाराचं नावच आहे ‘नेदोको’, म्हणजे अंथरूण! शेवटी जे काळं, मातीसारखं खत तयार होतं त्याला म्हणतात ‘सुकुमो’. पाणी किती शिंपडायचं हे ठरवणारा माणूस वेगळा असतो आणि सगळं त्याच्या हातावर अवलंबून असतं. पाणी जास्त झालं की कुजलं, कमी झालं की मुरणं थांबलं.

हा सुकुमो पिंपात घालायचा. सोबत लाकडाच्या राखेचं खारं पाणी, चुना, गव्हाचा कोंडा आणि थोडी तांदळाची दारू. कोंडा हे जिवाणूंचं जेवण. सात-दहा दिवसांनी पाण्यावर जांभळट तांबूस झाक असलेला निळा फेस येतो. त्याला ते ‘निळीचं फूल’ म्हणतात. फूल आलं म्हणजे पिंप तयार. जुन्या रंगशाळांत चार पिंपं जमिनीत पुरलेली असतात आणि त्यांच्या मधोमध एक खड्डा असतो. हिवाळ्यात त्या खड्ड्यात मंद विस्तव ठेवतात, म्हणजे चारही पिंपांना ऊब मिळते.

हा सगळा हिशोब आम्ही मुद्दाम तपशिलाने सांगितला. वसंतात पेरणी, उन्हाळ्यात कापणी, थंडीत मुरवण, मग आंबवण. एक वर्ष. आणि प्रवासी येतो तो किती वेळासाठी? तासाभरासाठी.

तासाभरात काय होतं

तोकुशिमाजवळ आइझुमी नावाचं गाव आहे. गावाच्या नावातच ‘आइ’ आहे. तिथे एका जुन्या नीळ-व्यापाऱ्याच्या वाड्यात ‘आइ नो याकाता’ हे संग्रहालय आहे. याकाता म्हणजे वाडा. तिथे आलेल्या कोणालाही आपल्या हाताने रुमाल रंगवता येतो. असे वर्ग जपानमध्ये इतरही पुष्कळ ठिकाणी चालतात.

आधी पांढरं कापड निवडायचं. रुमाल, पंचासारखं लांबट कापड किंवा ओढणी. मग त्याच्या घड्या घालायच्या, रबर बांधायचे, लाकडी चिमटे लावायचे. जिथे घट्ट बांधलं तिथे रंग शिरणार नाही आणि पांढरी नक्षी राहील. आपल्या बांधणीचीच ही बहीण. नागोयाजवळ आरिमात्सु नावाचं गाव आहे, १६०८ साली वसलेलं, ते या बांधणीसाठीच ओळखलं जातं.

मग कापड साध्या पाण्यात भिजवायचं. कोरडं कापड पिंपात घातलं तर त्याच्याबरोबर हवा आत जाते, आणि हवा हाच तर पिंपाचा शत्रू. हातमोजे, ॲप्रन, रबरी बूट घालून पिंपापाशी बसायचं. वास येतो. घाण म्हणता येणार नाही, पण ओळखीचा. ओला गोठा, चुना आणि आंबलेलं पीठ एकत्र केल्यासारखा. कापड अलगद आत सोडायचं, पाण्याखालीच हळूहळू दाबायचं, बुडबुडे येऊ द्यायचे नाहीत. मिनिटभराने, दोन मिनिटांनी बाहेर काढायचं आणि पिळायचं.

आणि इथे तो क्षण येतो ज्यासाठी लोक एवढ्या लांब जातात. कापड बाहेर येतं ते निळं नसतंच. हिरवट पिवळं असतं, कच्च्या आंब्याच्या सालीसारखं. घड्या उलगडल्या की डोळ्यांदेखत ते बदलायला लागतं. हिरवं, मोरपंखी आणि मग निळं. कोणी काही करत नाही, फक्त वारा लागतो. आमच्यातल्या एकाने पहिल्यांदा ते पाहून विचारलं, “यात कोणी काही घातलं का?” काहीच नाही. हवाच घातली.

मग पुन्हा बुडी, पुन्हा वारा. प्रत्येक बुडीला रंग एक पायरी खाली उतरतो. जपानी लोकांनी या पायऱ्यांना वेगवेगळी नावं दिली आहेत. सगळ्यात गडद, जवळजवळ काळ्या निळ्याला ‘काची’. जिंकण्याच्या शब्दाशी त्याचा उच्चार जुळतो म्हणून तो रंग योद्ध्यांच्या आवडीचा. आणि सगळ्यात फिका, एखाद्याच बुडीचा, तो ‘कामेनोझोकी’. कामे म्हणजे पिंप, नोझोकी म्हणजे डोकावणं. कापड पिंपात नुसतं डोकावून आलं, म्हणून हे नाव.

आम्हाला ते नाव फार आवडलं, कारण ते प्रवाशालाही तंतोतंत लागू पडतं. तासभर जाऊन रुमाल रंगवणारा माणूस म्हणजे कामेनोझोकी. पिंपात डोकावून आलेला. आणि यात कमीपणा काही नाही. फिका असला तरी तो खरा रंग आहे, फक्त त्याला गडद रंग समजू नये. रुमाल हातात आला म्हणजे कला हातात आली, असं कोणी समजलं तर तिथे चूक होते. आपण शेवटची दोन मिनिटं केली. आधीचे ३६० दिवस दुसऱ्या कोणीतरी केलेले असतात.

कोल्हा पडला तो पिंप

आता सोलापूरला या.

निळ्या कोल्ह्याची गोष्ट आपण सगळ्यांनी लहानपणी ऐकली. कुत्र्यांना भिऊन पळालेला कोल्हा निळीच्या पिंपात पडतो, निळा होऊन बाहेर येतो आणि जंगलाचा राजा बनतो. पंचतंत्रातली ही कथा. मुलांना आपण ती ढोंगाची गोष्ट म्हणून सांगतो. पण जरा थांबून विचार करा. गोष्ट सांगणाऱ्याने गृहीत काय धरलंय? की ऐकणाऱ्याच्या वस्तीत निळीचं भरलेलं पिंप असतं, आणि तो रंग धुतला तरी जात नाही हे त्याला माहीत असतं. आणि आत्ता सांगितलेलं रसायन लावलं, तर तो कोल्हा पिंपातून बाहेर आला तेव्हा मिनिटभर हिरवाच असला पाहिजे!

असं पिंप आपल्या भागातही होतं. एकोणिसाव्या शतकात मुंबई इलाख्याची जी जिल्हावार गॅझेटियरं निघाली, त्यांत आपल्या दख्खनच्या भागात ‘निराळी’ नावाच्या कारागीर जातीची नोंद आहे. काम काय, तर निळीने रंगवणं. गंमत पाहा. रंगारी वेगळे, भावसार वेगळे आणि निराळी वेगळे. एका निळ्या रंगासाठी वेगळी जात का? आता तुम्हाला उत्तर ठाऊक आहे. लाल-पिवळ्याचं काम तुरटीचं आणि उकळण्याचं. निळीचं काम पिंप जिवंत ठेवण्याचं. कौशल्य वेगळं, जागा वेगळी, वास वेगळा, दिवसाचं वेळापत्रक वेगळं. ज्याच्या घरी पिंप आहे त्याला सणासुदीलाही ते सोडून जाता येत नाही. गुरं असलेल्या घरासारखं.

दख्खनच्या आणि दक्षिणेच्या पिंपात सुकुमो नव्हता, निळीच्या वड्या होत्या. त्या वाटायच्या. खारासाठी चुना आणि पापडखार. आंबवण्यासाठी टाकळ्याच्या शिजवलेल्या बिया, कुठे गूळ. टाकळा म्हणजे पावसाळ्यात रस्त्याकडेला उगवतो, ज्याची कोवळ्या पानांची भाजी करतात, तोच. जपानी कारागीर जिवाणूंना गव्हाचा कोंडा घालतो, आपला टाकळ्याचं बी घालत असे. ज्याच्या रानात जे फुकट मिळतं, ते त्याने वापरलं.

आणि हे सूत जायचं कुठे? आपल्या आज्या-पणज्यांच्या अंगावर. गर्द काळी-निळी चंद्रकळा आठवा. जुन्या काळातल्या अशा गडद रंगाच्या पोटात पुष्कळदा निळीच्या बुड्यांवर बुड्या असत. शेजारच्या इरकली लुगड्यांचे जुने निळे-काळे रंगही निळीचेच. लुगड्याचं कौतुक आपल्या ओव्यांनी, उखाण्यांनी भरपूर केलं. पिंपापाशी बसलेल्या माणसाचं कोणी केलं नाही. उलट धर्मशास्त्राच्या काही ग्रंथांनी निळीने रंगवलेलं वस्त्र कर्मकांडाला निषिद्ध ठरवलं. लोकांनी कपडा हौसेने नेसला आणि कारागिराला वासाच्या अंतरावर ठेवलं. ज्याला मान नाही त्याचं ज्ञान कोणी लिहून ठेवत नाही. हा मुद्दा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

दोन्हीकडे वादळ एकच आलं

निळीला युरोपीय भाषांत ‘इंडिगो’ म्हणतात. त्याचा मूळ अर्थच ‘हिंदुस्थानातलं’. या नावाचा मान मोठा, पण त्याची किंमत आपल्या शेतकऱ्यांनी चुकवली. बंगालात सक्तीच्या निळीविरुद्ध १८५९-६० मध्ये रयतेने उठाव केला. १९१७ साली गांधीजी चंपारणला गेले तेही निळीच्याच प्रश्नासाठी. म्हणून जुन्या निळीबद्दल बोलताना हळहळ एकेरी नको. त्यात हातांचं कौशल्य होतं, आणि जुलूमही होता. नीळ पिकवणाऱ्यावर मळेवाल्याने केलेला जुलूम आणि पिंपापाशी बसलेल्याचं कसब, या दोन गोष्टी वेगळ्या करून पाहायला हव्यात.

१८७७ साली सोलापुरात पहिली कापड गिरणी उभी राहिली, जिला आपण जुनी मिल म्हणतो. त्यानंतर बरोबर २० वर्षांनी, १८९७ साली, जर्मनीतल्या बाडिश कंपनीने कारखान्यात बनवलेली नीळ बाजारात आणली. बायर नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने १८६५ पासून त्यावर काम केलं होतं. डब्यातून येणारी, स्वस्त, दर वेळी सारख्याच गुणाची नीळ. पुढच्या काही वर्षांत हिंदुस्थानातली नैसर्गिक निळीची निर्यात कोसळली. पहिल्या महायुद्धात जर्मन माल थांबला तेव्हा तिने थोडी मान वर काढली, मग पुन्हा खाली गेली.

जपानमध्ये वेगळं काही झालं नाही. आधी तिथे हिंदुस्थानची स्वस्त नीळ पोचली आणि तिने आवाच्या शेतकऱ्याला धक्का दिला. म्हणजे एका टप्प्यावर त्यांचं संकट आपणच होतो! मग जर्मन नीळ आली. दुसऱ्या महायुद्धात अन्नधान्यापुढे निळीची लागवडच बंद करायला लावली. तिथे सांगतात की एका कारागीर घराने डोंगरात लपून थोडं पीक घेतलं, ते विकण्यासाठी नव्हे, बी टिकवण्यासाठी. निळीचं बी फार वर्षं उगवणक्षम राहत नाही. पेरलं नाही तर गेलं.

मग फरक कुठे पडला? १९५० साली जपानने सांस्कृतिक वारशाचा कायदा केला. त्याच कायद्याच्या आधाराने वस्तूंइतकाच कसबालाही वारसा मानलं गेलं. १९५५ साली चिबा आयानो या खेड्यातल्या बाईंना, त्या जुन्या पद्धतीने नीळरंगाई करत म्हणून, राष्ट्राने ‘जिवंत ठेवा’चा मान दिला. १९७८ साली सुकुमो बनवण्याच्या तोकुशिमाच्या पद्धतीला संरक्षण मिळालं. आजही सुकुमो करणारी घरं हाताच्या बोटांवर मोजण्याइतकीच आहेत. पण पिंप जिवंत आहे, आणि परदेशातून आलेल्या अनोळखी माणसाला तासभर त्यात डोकावू देण्याइतका तिथे विश्वास आहे.

आणि आपल्याकडे?

आपल्याकडे ज्ञान पूर्ण गेलं असंही म्हणता येत नाही. त्याने कपडे बदलले. इथे बसलेल्यांपैकी कोणी डाय हाऊसमध्ये काम केलं असेल, त्यांनी ‘व्हॅट’ रंगाचं नाव ऐकलं असेल. चादरीला, टॉवेलला पक्का रंग हवा तर व्हॅट रंग. त्याला कॉस्टिक लागतं, हायड्रो लागतं. सूत बाहेर काढल्यावर हवेने रंग उघडतो. हे सगळं काय आहे? निराळ्याचंच पिंप. चुन्याच्या जागी कॉस्टिक आलं, जिवाणूंच्या जागी हायड्रो आलं. ‘व्हॅट’ या शब्दाचा अर्थच पिंप! सोलापूरच्या कामगाराने निराळ्याचं काम शतकभर चालू ठेवलं, फक्त ते निराळ्याचं आहे हे त्याला कोणी सांगितलं नाही. सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन मिळालं. त्या चादरीच्या विणकामाबद्दल आपण बोलतो, रंगाच्या खोलीबद्दल मात्र गप्प असतो.

म्हणून जपानला जाणाऱ्यांना आमचं सांगणं आहे. जा, जरूर जा. पण तीन गोष्टी करा. पहिली, रंगशाळेत विचारा की पिंप सुकुमोचं आहे की पुडीतल्या निळीचं, आंबवलेलं आहे की हायड्रो घातलेलं. प्रवाशांसाठीच्या पुष्कळ वर्गांत दुसरा प्रकार असतो. त्यात फसवणूक नाही, फक्त काय आहे ते समजून घ्यावं. वास, फेस आणि कोंडा पाहिला की बरंच कळतं. दुसरी, रंगवून झाल्यावर लगेच निघू नका. पिंप सांभाळणाऱ्याला विचारा की आज सकाळी त्याने पिंपाचं काय काय पाहिलं. रुमालापेक्षा ते उत्तर मोलाचं असतं. तिसरी, जपान परवडत नसेल तर कच्छमध्ये भुजजवळ अजरखपूर आहे. २००१ च्या भूकंपानंतर खत्री कारागिरांनी वसवलेलं गाव. तिथेही निळीचं पिंप पाहायला मिळतं.

आणि चौथी गोष्ट सोलापुरात करण्याची. आपल्या जुन्या पेठांतून, आसपासच्या गावांतून निराळी घरांचे वंशज आहेत. आज ते नोकरी करतात, दुकान चालवतात. पण घरातल्या ८०-९० वर्षांच्या आजीला कदाचित आठवत असेल की अंगणात रांजण कुठे पुरलेला होता, टाकळ्याचं बी कधी गोळा करायचे, पिंप ‘बसलं’ तर काय म्हणायचे. ते आज विचारलं नाही तर दहा वर्षांनी विचारायला कोणी नसेल. निळीच्या बियाण्यासारखंच आहे हे. पेरलं नाही तर गेलं.

श्रोत्यांचे प्रश्न

*एका श्रोत्याने विचारलं: नैसर्गिक नीळ पर्यावरणाला चांगली, मग आपल्या कारखान्यांनी तीच का वापरू नये?*

घाईने हो म्हणू नये. आंबवलेल्या पिंपातही चुना आणि खार असतोच, ते पाणी तसंच ओढ्यात सोडलं तर चालणार नाही. एक मात्र खरं की चांगलं सांभाळलेलं पिंप रोज ओतून द्यायचं नसतं, महिनोन् महिने चालवायचं असतं. ज्या जिल्ह्यात सरासरी पाऊस साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास, तिथे हे महत्त्वाचं आहे. पण लाखो टॉवेल त्यावर निघणार नाहीत. नैसर्गिक नीळ थोड्या, जास्त किमतीच्या कापडासाठी. तिने कारखान्याची जागा घ्यावी असं आम्ही म्हणत नाही. तिला एक कोपरा मिळावा, एवढंच.

*दुसरा प्रश्न: घरी करून पाहता येईल का?*

येईल. नैसर्गिक निळीची पूड मिळते, तमिळनाडूत अजून पिकते. चुना, गूळ, कोमट पाणी आणि झाकणाचं भांडं एवढ्यावर छोटं पिंप लागतं. चुना डोळ्यांत, हाताला लागू देऊ नका, हातमोजे घाला, मुलांना लांब ठेवा. आणि दुकानात कपड्यांना घालायची जी ‘नीळ’ मिळते ती ही नव्हे, ती पांढऱ्या कपड्यांचा पिवळेपणा झाकायला असते. त्या पुडीचं पिंप कधीच लागणार नाही.

*शेवटचा प्रश्न एका आजींचा होता: आमच्या माहेरी निळीची चंद्रकळा होती, तिचा रंग पदराला अंगावर उतरायचा. मग पक्का कसा म्हणता?*

आजी, तुमचं बरोबर आहे. निळीचा रंग धुण्याला पक्का, घासण्याला नाही. ती धाग्याच्या वरच्या थरातच बसते, म्हणून घासली की उतरते. नातवाच्या जीनची गुडघ्यावर पांढरी पडलेली जागा पाहा, तेच कारण. ती चंद्रकळा अजून घरात असेल तर टाकू नका. कोणत्या पेठेतून घेतली, कोणी रंगवली, आठवेल तेवढं कोणाकडून तरी लिहून घ्या. आमच्याकडे या विषयावर जे आहे, त्यात ते पान नाही.